हात वर करणारा माणूस

किचनर, ९ मार्च २०२५

दादा,

रागावलेली असले तरी नमस्कार आधी. आईने लावलेली सवय आहे, ती तुझ्यासाठी मोडणार नाही.

पाकीट बघून सीमावहिनी हसेल. फोन असताना हे काय खूळ, म्हणेल. पण फोनवर तू मला वाक्य पुरं करू देत नाहीस, मग मी फोन आपटते. गेल्या महिन्यात तेच झालं. आपल्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपमधून मी बाहेर पडले तेही त्याच दिवशी. तू टाकलेलं ते व्यंगचित्र, कॅनडाचं पार्सल बांधून अमेरिकेच्या दाराशी ठेवलेलं, त्याला मिरजेच्या काकूपासून सगळ्यांनी हसरे चेहरे पाठवले. मला नाही हसू आलं.

तू म्हणालास, ‘उल्के, एवढं काय मनाला लावून घेतेस? एक देश होऊन जा. टॅरिफ नाही, बॉर्डरवर रांग नाही. तुमचंच भलं आहे.’ मी म्हटलं, आम्हाला कुणी विचारलंय का? त्यावर तू काय म्हणालास आठवतं? ‘दोन कंपन्या एक होतात तेव्हा कारकुनांना कोण विचारतं?’

म्हणजे मी कारकून. आणि हा देश म्हणजे कंपनी.

दादा, माझ्या नागरिकत्वाच्या शपथेला तू मिशिगनहून गाडी चालवत आला होतास. फोटो तूच काढलेस. एका फोटोत मी रडतेय आणि तू मागून म्हणतोयस, ‘अगं, सासरी चाललीयस का?’ थोडंफार तसंच होतं ते. सासर कसंही निघालं तरी भावाने ते विकायला काढू नये.

इथे लोक बघता बघता बदललेत. ग्रोसरीत माणसं संत्रं उलटं करून त्यावरचं स्टिकर वाचतात. परवा एक आजी मला म्हणाल्या, ‘चष्मा विसरलेय, हे कुठलं आहे बघ गं.’ मी बघितलं, फ्लोरिडाचं होतं. त्यांनी ते असं काही परत ठेवलं, जणू हाताला चटका बसला. मला हसू आलं, आणि मग माझ्या ट्रॉलीतला अमेरिकन लेट्यूस मीही परत ठेवला. कशाने काय होणार, ते मलाही माहीत नाही. पण रोज कुणीतरी उठून तुमचा देश हा देशच नाही म्हणतो, तेव्हा माणसाला हाताने काहीतरी करावंसं वाटतं.

म्हणून ईस्टरला आम्ही तुझ्याकडे येणार नाही. वहिनीला सांग, तिच्यावर राग नाही.

अरविंद, तुझे लाडके मेहुणे, ठीक आहेत. प्लँटमध्ये कामं जरा मंद आहेत, एवढंच. त्याने बेसमेंट आवरायला काढलंय. मी लायब्ररीत जायला निघते तेव्हा ड्राइव्हवे बर्फ उपसून मोकळा झालेला असतो, आमचाही आणि दोन्हीकडच्या शेजाऱ्यांचाही.

उल्का


किचनर, २ मे

दादा,

तुझी ईमेल मिळाली. ‘अक्षर अजून सुंदर आहे. बाकी तू चुकतेस.’ एवढंच! पंतोजी झाला असतास तर पोरांनी शाळा सोडली असती.

मागच्या पत्रात मी खोटं लिहिलं नव्हतं, पण पुरतं खरंही लिहिलं नव्हतं. अरविंदला फेब्रुवारीतच ले-ऑफ मिळाला. टॅरिफ लागायच्या आधी, नुसत्या धमकीवरच त्यांची दुसरी शिफ्ट बंद झाली. टूल रूममधली निम्मी माणसं घरी बसली. तुला कळवलं असतं तर तू म्हणाला असतास, ‘बघ, मी सांगत होतो.’ ते ऐकायची ताकद माझ्यात नव्हती. तू याच धंद्यातला, इतक्या प्लँटांकडून माल घेणारा. तुला कुठूनतरी कळलं असेलच, आणि तूही बोलला नाहीस. म्हणजे फिट्टंफाट.

घरी बसलेला अरविंद तू पाहिलेला नाहीस. सकाळी सहाला उठतो, दाढी करतो, इस्त्रीचा शर्ट घालतो आणि बेसमेंटमध्ये जातो. चिंचवडला शिकाऊ इंजिनिअर म्हणून लागल्यापासून हा माणूस डाय सोडून कशाशी बोललेला नाही. आमची ईशिता लहानपणी शाळेत सांगायची, ‘माय डॅड इज अ डॉक्टर फॉर मशीन्स.’ डाय म्हणजे पत्र्याला आकार देणारे ते प्रचंड पोलादी साचे. कुठे झिजले, कुठे चीर गेली, हे त्याला हात फिरवून कळतं. आता तो हात टीव्हीच्या रिमोटवर असतो.

आणि अजून एक झालंय.

आमच्या लायब्ररीच्या शाखेत सभागृहांचं बुकिंग माझ्याकडे आहे, तुला माहीत आहे. पंधरा दिवसांपूर्वी एका मंडळाने हॉल मागितला. ‘एक बाजार, एक देश.’ म्हणजे कॅनडाने अमेरिकेत सामील व्हावं का, यावर जाहीर सभा. माझ्याबरोबर काम करणारी कॅरल म्हणाली, ‘सांग की हॉल भरलाय.’ मलाही तेच सांगायचं होतं. पण हॉल रिकामा होता, आणि आमचा नियम आहे की कायदा न मोडणाऱ्या कुणालाही जागा नाकारायची नाही. मी बुकिंग केलं. कॅरल दोन दिवस माझ्याशी नीट बोलली नाही.

घरी येऊन मी हे सगळं अरविंदला रागारागाने सांगितलं. तो भाजी चिरत होता. चिरता चिरताच म्हणाला, ‘मला माहीत आहे. मी बोलणार आहे तिथे.’

‘कुठल्या बाजूने?’

‘तिथे बाजू एकच आहे, उल्का.’

मला वाटलं, थट्टा करतोय. ‘तू? चौदा वर्षं कॅनडा डेला ड्राइव्हवेत पोरांना पॅनकेक वाढणारा तू?’

‘पॅनकेकचा काय संबंध?’ सुरी खाली ठेवून तो माझ्याकडे वळला. ‘आमचा एक ब्रॅकेट गाडीत बसेपर्यंत पाच वेळा बॉर्डर ओलांडतो. इकडे ठोकायचा, तिकडे रंगवायचा, परत इकडे. आम्ही कधीच एक झालोय गं. फक्त कुणी कागदावर लिहिलेलं नाही, म्हणून कुणीही उठून मधे भिंत घालतो. लिहून टाका म्हणजे भिंत घालता येणार नाही. एवढंच म्हणायचंय मला.’

‘आणि त्याच्या बदल्यात?’

त्याने सुरी परत उचलली. भाजी मात्र त्या दिवशी त्याने खूप बारीक चिरली होती.

ईशिताला टोरोंटोला फोन केला, तर ती एकच वाक्य बोलली, ‘मॉम, प्लीज टेल मी ही इज जोकिंग.’ निवडणुकीत ती दारोदार फिरली होती, ‘एल्बोज अप’ छापलेला टीशर्ट घालून. कोपरं वर करून अमेरिकेला अडवायचं, असा त्याचा अर्थ.

दादा, हे त्याच्या डोक्यात तू भरवलंस का? खरं सांग. मला राग येणार नाही असं म्हणत नाही.

उल्का


किचनर, २४ मे

दादा,

तू लिहिलंस की अरविंदशी तुझं याबद्दल काही बोलणं झालेलं नाही. ठीक आहे, धरते विश्वास. मग हे सगळं त्याचं त्यालाच सुचलं. हे जास्त अवघड आहे.

सभा झाली. तू कुणाकडून ऐकण्याआधी माझ्याकडून ऐक, कारण त्याचं चित्रीकरण फिरतंय, आणि त्यात फक्त अरविंदचा वर केलेला हात दिसतो.

हॉल गच्च भरला होता. माणसं भिंतींना टेकून उभी होती. मी ड्यूटीवर असल्यामुळे दारापाशी. सुटाबुटातला संयोजक दुसऱ्या गावाहून आला होता. पडद्यावर आलेख दाखवत होता. लोक पहिल्या मिनिटापासून त्याच्यावर हसत होते. मलाही बरं वाटत होतं, लपवत नाही.

मग अरविंद उठला, आणि हसणं थांबलं. पहिल्या दोन रांगांत त्याच्या प्लँटमधलीच माणसं होती. तो खिशात हात घालून बोलला, त्याला घाबरला की तशी सवय आहे. म्हणाला, ‘आय ॲम नॉट हिअर टु सेल एनीथिंग.’ त्याच्या शिफ्टमधल्या माणसांची नावं घेतली. कोण उबर चालवतोय, कुणाचं घर विकायला निघालंय. म्हणाला, ‘तुम्ही झेंडे लावलेत, चांगलं केलंत, माझ्याही दारावर आहे. पण झेंड्याखाली पत्रा ठोकणारं प्रेस मशीन बंद आहे. मला एक देश बदलायचा अनुभव आहे. तो बदलताना वाटतं की आपण मरणार, पण माणूस मरत नाही. काम गेलं की मात्र थोडा थोडा मरतो.’

मागून कुणीतरी ओरडलं, ‘देन गो!’ दुसरा म्हणाला, ‘तुला सोपं आहे, तू आधीही एक सोडून आलायस.’ दादा, हे वाक्य ओरडून नव्हतं आलं. साध्या, समजावणीच्या सुरात आलं होतं. म्हणून जास्त लागलं. इथे अठ्ठावीस हिवाळे काढल्यावरही माणसाचं मत हे पाहुण्याचंच मत ठरतं.

तेवढ्यात वॉल्टर पेनी उठले. हे आमच्या वाचनकक्षात रोज येतात, ऐंशीच्या पुढचे, मूळचे न्यूफाउंडलंडचे. आज तो कॅनडाचाच भाग आहे, पण एके काळी तो वेगळा देश होता, मंदीत भिकेला लागला, आणि लोकांनी मत देऊन कॅनडात यायचं ठरवलं. मत अगदी काठावरचं होतं. वॉल्टर तेव्हा लहान पोर.

ते म्हणाले, ‘कॅनडात गेलं की प्रत्येक मुलामागे सरकारी भत्ता मिळणार होता. आईने हो म्हणून मत दिलं, बाबांनी नाही म्हणून. निकाल लागला त्या दिवशी बाबांनी दारावर काळं कापड लावलं. आणि पहिला भत्ता आला तेव्हा आईने मला बूट घेतले. माझ्या आयुष्यातले पहिले नवे बूट. बाबा मरेपर्यंत तिला म्हणायचे, तू बुटांसाठी देश दिलास. ती म्हणायची, हो, थंडी होती.’

संयोजकाला वाटलं, म्हातारा आपल्या बाजूचा. तो टाळ्या वाजवायला लागला. वॉल्टरनी त्याच्याकडे बघितलंसुद्धा नाही. अरविंदला म्हणाले, ‘मी तुला फितूर म्हणणार नाही, मुला. दोघांपैकी कोण बरोबर होतं ते मला अजून कळलेलं नाही. पण आमच्यासमोर निदान बूट ठेवले होते. तुला कुणी बूट तरी दाखवलेत का?’

लोक हसले. अरविंद नाही हसला. तो खरंच विचार करत होता. मला त्याचा चेहरा दिसत होता.

शेवटी संयोजकाने मूर्खासारखं हात वर करायला सांगितलं. सामील व्हावं असं कुणाला वाटतं? त्या एवढ्या गर्दीत चार हात. एक संयोजकाचा, दोन त्याच्याबरोबर आलेल्यांचे. चौथा अरविंदचा. अर्धाच वर केला होता, शाळेत उत्तराची खात्री नसलेली पोरं करतात तसा. प्लँटमधला त्याचा मित्र शेजारी बसला होता, तो उठून दुसऱ्या खुर्चीवर गेला.

मी हात वर केला नाही, दादा. जन्मात करणार नाही. पण ती रिकामी झालेली खुर्ची मला बघवेना. ड्यूटी सोडून मी तिथे जाऊन बसले. अरविंद पुटपुटला, ‘तुला त्रास होईल.’ मी म्हटलं, ‘गप्प बस.’ त्या सबंध संध्याकाळी आमच्यात एवढंच बोलणं झालं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्या लॉनवर छोटे छोटे कागदी झेंडे खोचलेले होते. दाट, मुळ्याची रोपं लावावी तसे. शिवी नाही, रंग फासलेला नाही, फक्त आमच्याच देशाचे झेंडे. तक्रार तरी काय करणार? अरविंदने ते एकेक करून काढले, फाटू न देता, आणि गॅरेजमध्ये फळीवर ठेवले.

परवा आपल्या मराठी मंडळातून माधवीचा फोन आला. गणपतीची आरास दर वर्षी अरविंदची असते. ‘उल्काताई, ह्या वर्षी म्हटलं तरुण मुलांना चान्स द्यावा.’ मी म्हटलं, जरूर द्या. तिला वाईट वाटत होतं, आवाजात कळत होतं. पण आपल्या लोकांना भीती वाटते रे. इतकी वर्षं आपण इथलेच आहोत हे दाखवण्यात गेली, आणि आपल्यातल्याच एकाने भर सभेत हात वर केला.

उल्का


किचनर, ६ जुलै

दादा,

तू मला विचारायला हवं होतंस.

नोकरी देऊ केलीस, उपकार केलेस, सगळं मान्य. कॅनडाच्या इंजिनिअरला बॉर्डरवर एका पत्रावर कामाची परवानगी मिळते, हेही तूच त्याला समजावलंस. पण मला फोन करून ‘उल्के, मी त्याला इकडे बोलावतोय’ एवढं म्हणायला तुला काय झालं होतं? मला कळलं कधी, तर अरविंद बॅग भरत असताना. म्हणाला, ‘दादांच्या ओळखीच्या प्लँटमध्ये डाय बघणारा माणूस पाहिजे. तात्पुरतं आहे.’

मी म्हटलं, ‘ह्या वर्षी आपण बॉर्डर ओलांडायची नाही असं ठरलं होतं.’

‘ते तू ठरवलंस.’

‘तू मान डोलावलीस.’

‘मी घरात बसून मानच डोलावतोय, उल्का. दुसरं काही करायलाच उरलेलं नाही.’

मी त्याला सोडायला गेले नाही. तो दोन डबे आणि टूलबॉक्स घेऊन एकटाच गेला. लॉनवर पाणी घालत उभी राहिले आणि गाडी वळेपर्यंत वर बघितलं नाही. हे त्याला सांगू नकोस. किंवा सांग.

कॅनडा डेला आमच्या ड्राइव्हवेत पॅनकेक झाले नाहीत. ईशिता आली होती. तिने गॅरेजमध्ये ते कागदी झेंडे बघितले आणि विचारलं, ‘व्हाय डिड ही कीप देम?’ मी म्हटलं, फेकायचे कसे? तिने एक उचलला, परत फळीवर ठेवला. मग म्हणाली, ‘आय वॉज मीन टु हिम, आई.’ ‘आई’ म्हणाली, ‘मॉम’ नाही. तिने त्याला फोन लावला. दोघं गाडीच्या ऑइलबद्दल बोलले. त्यांचं प्रेम तेवढंच बोलतं.

तुझ्या घरी राहतोय, तर त्याच्या जेवणाचं बघ. वहिनीला सांग, त्याला सकाळी चहा बिनसाखरेचा. आणि तुझे ते मित्र शनिवारी येतात, त्यांच्यासमोर त्याला उभा करू नकोस. ‘हे बघा, कॅनडाचे, आपल्याकडे यायला तयार’ म्हणून. तो हो म्हणेल, भिडस्त आहे.

उल्का


किचनर, २१ सप्टेंबर

दादा,

राखी वेळेवर मिळाली ना? तुझा फोन आला तेव्हा मी मुद्दाम उचलला नाही, हे तुला कळलंच असेल. पोस्टात पुन्हा संपाची भाषा चालू आहे, म्हणून घाईने लिहितेय.

अरविंद दर रविवारी फोन करतो. आधी फार उत्साहात होता. काम आहे, प्रेस चालू आहेत, माणसं चांगली आहेत. खरंच चांगली आहेत म्हणतो. एकाने त्याला मासे धरायला नेलं होतं.

पण मागच्या रविवारी एक गोष्ट सांगितली. सांगताना हसत होता, म्हणून मी आधी मनावर घेतली नाही. जेवणाच्या सुट्टीत कुणीतरी विचारलं, ‘तुम्ही लोक आमच्यात येताय म्हणे?’ अरविंद म्हणाला, ‘मी तर हात वर केला होता.’ त्याला वाटलं, पाठीवर थाप मिळेल. तर तो मासेवाला मित्रच म्हणाला, ‘हे बघ, तू चांगला माणूस आहेस. पण तुझ्यासारखे चार कोटी आम्ही कुठे ठेवायचे? आमच्याच पोरांना काम नाही.’ आणि प्रेसवरची एक बाई म्हणाली, ‘तुमच्याकडे डॉक्टर फुकट आहे ना? ते टाकून येणार? डोकं फिरलंय का तुझं?’ तिच्या नवऱ्याचं गुडघ्याचं ऑपरेशन रखडलंय म्हणे.

अरविंद म्हणाला, ‘उल्का, गंमत बघ. तिकडे मी एकटा हो म्हणालो म्हणून वाईट ठरलो, आणि इकडच्यांनी तर आमंत्रणच दिलेलं नाही.’ आणि हसला. फोन ठेवल्यावर मला ते हसणं आवडलं नाही.

दादा, त्याचं काहीतरी बिनसतंय. तू त्याला रोज बघतोस. काय आहे?

उल्का


किचनर, ८ नोव्हेंबर

दादा,

तू फोनवर म्हणालास, ‘त्याने काय सांगितलं ते मला माहीत नाही, पण मी कुणाला फसवलेलं नाही.’ फसवलंस असं मी म्हणालेच नव्हते. म्हणून हे लिहितेय, वाक्य पुरं करायला.

ऑक्टोबरात, आमच्या इकडच्या थँक्सगिव्हिंगच्या सोमवारी दुपारी अरविंद न सांगता दारात उभा राहिला. टूलबॉक्स हातात. मी विचारलं, ‘सुट्टी?’ तो म्हणाला, ‘सोडली.’ चहा केला. तो कप हातात धरून बसला, प्यायला नाही.

मग सांगितलं. तिकडे त्याच्या प्लँटच्या शेडमध्ये ट्रकने डाय आल्या. ताडपत्री काढली, आणि पहिल्याच डायच्या कोपऱ्यावर त्याला स्वतःचं वेल्डिंग दिसलं. किचनरच्या डाय. त्याच्या. ईशिताच्या बारावीच्या वर्षी त्यातली एक फुटली होती, तेव्हा तीन दिवस तो घरी आला नव्हता. प्लँट कायमचा बंद होतोय हे इथे आम्हाला अजून कुणी सांगितलं नव्हतं. ते त्याला तिथे, त्या ताडपत्रीखाली कळलं.

मालकाने सांगितलं, बसव प्रेसमध्ये, तुझ्याइतक्या ह्या कुणाला माहीत नाहीत. आणि त्याने बसवल्या, दादा. दिवसभर खपून. पहिला तुकडा बाहेर आला तेव्हा सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. तो म्हणाला, ‘तुकडा इतका सुरेख होता गं.’ आणि मग माझा नवरा रडला. लग्नाला तेहेतीस वर्षं झाली, मी पहिल्यांदा बघितलं.

ह्या डाय येणार हे तुला जूनमध्येच माहीत होतं. तो सौदाच तुझ्या हाताखालून गेला होता. त्याला नोकरी तू भाऊ म्हणून दिलीस, की डायबरोबर डायचा माणूसही लागतो म्हणून? मला वाटतं, दोन्ही. आणि तुलाही नक्की सांगता येणार नाही. मी बरेच दिवस ह्याच्यावर विचार करतेय, आणि तुझा नुसता राग येत असता तर बरं झालं असतं.

कारण पुढचंही त्याने सांगितलं. त्या संध्याकाळी पार्किंगमध्ये त्याने तुला विचारलं, ‘दादा, आपण एक देश असतो, तर ह्या डाय किचनरलाच राहिल्या असत्या ना?’

तू हो म्हणू शकला असतास. सोपं होतं. वर्षभर तू मला तेच ऐकवत होतास. पण तू म्हणालास, ‘खोटं कशाला सांगू, अरविंदराव. तरी आणल्याच असत्या. जिथे परवडतं तिथे जातं सगळं. ओहायोचा प्लँट आम्ही टेनेसीला हलवला, तेव्हा मधे कुठली बॉर्डर होती?’

अरविंद म्हणाला, ‘त्यांनी मला खरं सांगितलं, उल्का. तुझ्या भावाने.’ दुसऱ्या दिवशी त्याने नोकरी सोडली.

तेव्हापासून तो बरा आहे का, तर नाही. बेसमेंटमध्ये जात नाही, ही सुधारणा. लायब्ररीत येतो, वॉल्टरच्या शेजारी बसून पेपर वाचतो. दोघं फार बोलत नाहीत. प्लँटमधला तो मित्र, खुर्ची बदलणारा, एकदा घरी आला. डाय गेल्याचं त्याला अरविंदनेच सांगितलं होतं. दोघं ड्राइव्हवेत उभे होते, थंडीत, गाडीला टेकून. आत या म्हटलं तर आले नाहीत. माझं मत जे मार्चमध्ये होतं तेच आज आहे, पण त्या दोघांना असं बघितलं की बरोबर असण्याचा काही आनंद होत नाही.

काल दुपारी घरी एक फोन आला. जनमताची पाहणी करणारी मुलगी, लोकांची मतं विचारत होती. अरविंदने फोन स्पीकरवर टाकला होता, मी पोळ्या लाटत होते. तिने प्रश्न वाचून दाखवला. कॅनडाने अमेरिकेत सामील व्हावं याला तुमचा जोरदार पाठिंबा आहे, थोडा पाठिंबा आहे, थोडा विरोध आहे, की जोरदार विरोध आहे?

अरविंद इतका वेळ गप्प राहिला की ती म्हणाली, ‘सर, मग माहीत नाही असं लिहू का?’

‘नाही,’ तो म्हणाला. ‘माहीत आहे. विरोध लिहा.’

‘जोरदार की थोडा?’

‘ते तुम्ही ठरवा. पण पुढे लिहा की ह्या माणसाला हे उत्तर देताना आनंद झालेला नाही.’

ती बिचारी म्हणाली, ‘सॉरी सर, त्यासाठी आमच्याकडे जागा नाहीये.’ मग प्रश्न संपले आणि त्याने तिचे आभार मानले. तोंडभरून, अगदी मनापासून. मला म्हणाला, ‘एवढ्या वर्षभरात विचारलं तरी कुणीतरी.’

भाऊबीज होऊन गेली. मी बॉर्डर ओलांडणार नाही, आणि ‘तुमच्या तिकडे’ म्हणणं तू सोडणार नाहीस. पण रस्ते अजून मोकळे आहेत, बर्फ पडायचंय. तू ये. बॉर्डरवर विचारतील, कशासाठी चाललात. खरं ते सांग. म्हणावं, बहिणीशी भांडायला.

उल्का